गंगापूर रस्त्यावरील रोपवाटिकेतले लिलीचे कंद

गंगापूर रस्त्यावरील एका रोपवाटिकेतून हिवाळ्याच्या तोंडावर घेतलेले एशियाटिक लिलीचे कंद टणक, मुळांसकट आणि बुरशीविरहित होते. लिलीच्या कंदाला कांद्यासारखे कोरडे आवरण नसल्याने तो उघड्यावर लवकर सुकतो. येथे मात्र ते ओलसर कोकोपीटमध्ये (नारळाच्या काथ्याच्या भुशात) ठेवलेले असतात, हे विशेष. आपली काळी माती पाणी धरून ठेवते आणि त्यात कंद कुजतात, म्हणून कुंडीतल्या मातीत वाळू व गांडूळखत मिसळून कंद १० ते १५ सेंटिमीटर खोल लावण्याचा विक्रेत्याचा सल्ला योग्यच होता.

फुले टिकवण्याबाबतची माहिती मात्र तेथे अपुरी मिळाली. पहिल्या कळीवर रंग चढताच सकाळच्या गारव्यात दांडा कापावा, पण निम्म्याहून अधिक पाने झाडावर राहू द्यावीत, कारण पुढच्या हंगामासाठी कंद त्यांच्याच जोरावर पोसला जातो. फूल उमलताच परागकोश (पुंकेसरांच्या टोकाच्या परागांनी भरलेल्या पिशव्या) काढले, तर पाकळ्यांवर (आणि सदऱ्यावरही) डाग पडत नाहीत व फूल अधिक टिकते. फुलदाणीतील पाणी एक-दोन दिवसांनी बदलावे आणि ती पिकत्या केळ्यांजवळ ठेवू नये, कारण त्यांतून निघणाऱ्या इथिलीन वायूमुळे फुले लवकर कोमेजतात.

किंमत थोडी चढी आहे. पाकिटावर वाणाचे नाव नसते, हे खटकते. आणि लिलीचा प्रत्येक भाग, अगदी परागसुद्धा, मांजरांना विषारी असतो, ही सूचना तेथे ठळकपणे लावायलाच हवी.