प्रेशर पॅन, पोर्क चॉप आणि ती काळी रिंग: वापरानंतरचा अनुभव

प्रेशर पॅनच्या झाकणातली रबरी रिंग सैल झाली म्हणून बडोद्यातल्या सर्व्हिस सेंटरवर गेलो होतो, आत्ताच आलोय, डोकं तापलेलं आहे, त्यामुळे आधी राग आणि मग कौतुक असा क्रम होईल, सांभाळून घ्या.

साडेतीन लिटरचा स्टीलचा प्रेशर पॅन, बाहेरून बसणारं झाकण, गॅस आणि इंडक्शन दोन्हीवर चालणारा. बाकी माहिती डब्यावर छापलेली असतेच, ती परत लिहीत बसत नाही. कंपनीचं नावही लिहीत नाही कारण हे दुखणं एका कंपनीचं नाही. वॉरंटी पाच वर्षं असं डब्यावर ठळक छापलंय आणि आतल्या कागदावर तळाशी बारीक अक्षरात 'रबरी भाग वगळून'. आता मला सांगा, कुकरमध्ये बिघडतं काय? स्टीलचं भांडं बिघडतं का? बिघडते ती रिंगच. म्हणजे जे बिघडणारच नाही त्याची पाच वर्षं गॅरंटी आणि जे बिघडणार ते तुमचं तुम्ही बघा!

काउंटरवरच्या मुलाला मी हेच विचारलं. तो मोबाईलमधून मान वर न करता म्हणाला, "साहेब, रबर वॉरंटीमां नथी आवतुं." मी म्हटलं ठीक आहे, विकत दे. तर म्हणे या मॉडेलची स्टॉकमध्ये नाही, पुढच्या आठवड्यात फोन करा. मग मांडवीतून दुसऱ्या मेकची रिंग आणू का, तर म्हणे आणा, पण मग पुढे काही झालं तर आमची जबाबदारी नाही. म्हणजे तुमची देणार नाही आणि दुसऱ्याची चालणार नाही. दांडिया बाजारातून स्कूटर काढून, पार्किंगचे पैसे भरून, हे ऐकायला गेलो होतो मी.

असो. आता पॅनबद्दल.

हा घेतला तो फक्त नॉनव्हेजसाठी. घरात आईचे दोन कुकर आहेत, त्यांना हात लावायची सोय नाही. मटण आई चवीने खाते, रस्सा वाटीने पिते, पण पोर्कचं नाव काढलं की पदर नाकाला. "ते झाकण माझ्या ओट्यावर ठेवू नकोस रे," एवढंच तिचं म्हणणं, आणि ते मला मान्य आहे. पोर्कची सवय लावली ऑफिसातल्या एका गोवेकर मित्राने, फतेगंजला राहतो, नाताळात त्याच्याकडे ब्रेडक्रम्समध्ये घोळवून तळलेले चॉप खाल्ले आणि मी कामातून गेलो. बडोद्यात पोर्क मिळवणं हीच अर्धी लढाई असते, फ्रोझन पाकीट मिळेल तेव्हा उचलायचं आणि फ्रीजरमध्ये मटारच्या पिशवीखाली लपवायचं.

नेटवरच्या बहुतेक रेसिपी अशा की चॉपला मैदा, अंडं, क्रम्स लावा, पॅनमध्ये थोड्या तेलात दोन्ही बाजू लाल करा, मग जाळी ठेवून खाली कपभर पाणी, झाकण लावा, प्रेशर द्या. एकीत तर पाण्याऐवजी व्हाइट वाइन लिहिली होती, गुजरातेत राहून ती कुठून आणू, तेव्हा पाण्यात चमचाभर व्हिनेगर. तर हे असं केलं की मांस शिजतं, आणि क्रम्सचं होतं ओलं पोतेरं. अर्धं जाळीला चिकटतं, उरलेलं काट्याने ओढलं की सालीसकट निघून येतं.

याला पॅनचा दोष म्हणता येत नाही. घरगुती कुकरमध्ये आतलं प्रेशर बाहेरच्या हवेपेक्षा दर चौरस सेंटीमीटरला साधारण एक किलोने जास्त असतं, त्यामुळे पाणी १०० ऐवजी १२० डिग्रीच्या आसपास उकळतं, म्हणून डाळ लवकर शिजते. पण आत सगळी वाफच. कुरकुरीत व्हायला पृष्ठभाग कोरडा लागतो आणि त्याहून जास्त उष्णता लागते, तळणीचं तेल १७०-१८० ला असतं ते काय उगाच? वाफेत ठेवलेली कोटिंग कुरकुरीत राहील असं लिहिणाऱ्याने स्वतः एकदा तरी करून बघितलं होतं का असा प्रश्न पडतो.

इथे एक गोष्ट सांगायलाच हवी. केएफसीवाल्या कर्नल सँडर्सने १९३९ च्या सुमारास केंटकीत चिकन प्रेशर कुकरमध्येच तळलं होतं, हे वाचून काही लोक घरच्या कुकरमध्ये तेल भरून झाकण लावायचा विचार करतात. बिलकुल करू नका. हॉटेलातलं प्रेशर फ्रायर हे वेगळं मशीन असतं. आपला कुकर पाण्याच्या वाफेसाठी बनवलेला, १८० डिग्रीच्या तेलापुढे रबर टिकणार नाही आणि ते तेल फवाऱ्यासारखं बाहेर आलं तर हॉस्पिटलच. आपल्याकडे कुकरला आयएसआय मार्क सक्तीचा आहे, आयएस २३४७ आकडा बघून घ्या, पण तो मार्कही तेल भरायची परवानगी देत नाही.

मग मी क्रमच उलटा केला. आधी प्रेशर, मग क्रम्स. आणि इथून या पॅनबद्दल माझं मत बदलायला लागलं.

चॉप आदल्या रात्री मिठाच्या पाण्यात, लिटरला तीन मोठे चमचे मीठ, थोडी साखर, मिरी, तमालपत्र, फ्रीजमध्ये. सकाळी काढून पुसून, पॅनमध्ये एका थरात. उभट कुकरमध्ये हेच एकावर एक रचावे लागतात, म्हणून पसरट पॅन. खाली जाळी, कपभर पाणी, ठेचलेला लसूण. शिट्ट्या मोजू नका, पहिली शिटी झाली की गॅस बारीक करून घड्याळ लावा. कमरेकडचे, म्हणजे लॉइनचे चॉप इंचभर जाड असतील तर सहा-सात मिनिटं बास, खांद्याचे असतील तर पंधरा. आणि शिटी उचलून वाफ काढायची नाही, आपोआप उतरू द्यायची, एकदम प्रेशर काढलं की मांसातला रस उकळून बाहेर येतो आणि चॉप लाकडाच्या भुशासारखा लागतो.

खरं तर लॉइन हा कुकरचा तुकडाच नाही. अमेरिकेच्या शेतकी खात्याने २०११ मध्ये अखंड पोर्कसाठी मांसाच्या आत ६३ डिग्री आणि वर तीन मिनिटं थांबा असं सांगितलं, कुकर त्याच्या कितीतरी पुढे जातो. आपल्याकडे फीतकृमीची भीती असते म्हणून पुढे गेलेलं मला चालतं, पण चरबी नसलेला तुकडा तिथे कोरडा पडणारच. खांद्याचा घ्या. त्यातल्या शिरा विरघळतात, काटा लावला की सुटतो, आणि दुकानदार त्याला दोन पैसे कमीच लावतो.

शिजलेले चॉप गार करून तासभर फ्रीजमध्ये उघडेच ठेवायचे, म्हणजे वरचं कोरडं होतं. मग मैदा, अंडं, आणि क्रम्सऐवजी बेकरीतल्या टोस्टचा चुरा, मिक्सरला नाही, लाटण्याने, म्हणजे थोडा भरड राहतो. तव्यावर जेमतेम तेल, मोठी आच, एका बाजूला दोन मिनिटं. आत शिजलेलंच आहे त्यामुळे फक्त रंग आणायचा. चुरा असा बसतो की सुरी लावली की कर्रर्र आवाज येतो, आतून वाफ निघते आणि हाडाजवळचा भाग दाताने ओढायलाच लागत नाही. नुसतं तळताना बाहेर काळं आणि आत गुलाबी अशी धाकधूक असायची ती गेली, आणि तेल अर्ध्याहून कमी लागतं. खाली उरलेलं पाणी फेकू नका, फ्रीजमध्ये त्याची थरथरणारी जेली होते, वर चरबीचा पांढरा थर. तो थर तव्यावर, जेली दुसऱ्या दिवशीच्या पुलावात. फुकटचं आहे.

तर पॅन पास. आता परत रिंग.

बाहेरून बसणाऱ्या झाकणात रिंग झाकणाच्या खाचेत असते आणि भांड्याची कड तिच्यावर टेकते. पहिल्या पद्धतीत तुम्ही त्याच पॅनमध्ये क्रम्स तळता, तेव्हा चुरा आणि तेल त्या कडेवर उडतं. एक कण जरी राहिला तरी बाजूने फुस्स, शिटी होत नाही, पाणी आटतं, तळ लागतो. शिवाय हाच चुरा झाकणातल्या शिटीच्या नळीत गेला तर ते जास्त वाईट, दर वेळी नळी उजेडाकडे धरून आरपार दिसते का बघायची. रिंग काढून धुवायची, वाळवायची, झाकण उलटं ठेवायचं. एवढं करूनही आमची रिंग सैल झाली. आईने सांगितलेला जुना उपाय, फ्रीजरमध्ये थोडा वेळ ठेवणे, तो केला, काही दिवस चालला, मग परत फुस्स. तिचा दुसरा उपाय म्हणजे कडेला कणीक लावणे, तो मी साफ नाकारला. आणि वास! व्हिनेगर, लिंबू, बेसन, ऊन, सगळं झालं, रिंग नाकाला लावली की लसूण-पोर्क आहेच.

अपडेट: वरचं लिहून आठवडा झाला. फोन मीच केला, त्यांनी नाही. रिंग आली, कुरिअरचे पैसे वेगळे लावून, आणि रिंगपेक्षा कुरिअर फार स्वस्त नव्हतं. पण न्यायाने सांगायचं तर रिंग बसली एकदम फिट, इतकी की झाकण फिरवायला दोन्ही हात लागतात, आणि पहिल्या शिटीला पूर्वीपेक्षा कमी वेळ लागतो, गॅस वाचतो. पाचपैकी तारे आधी अडीच दिले होते, ते साडेतीन केलेत. उरलेला दीड त्या बारीक अक्षरांचा.

कुणी घेणार असाल तर दुकानातच, पैसे द्यायच्या आधी, त्याच मॉडेलची एक जादा रिंग त्याच बिलात टाकायला लावा, नुसतं 'साडेतीन लिटरची' म्हणून मागू नका, लिटर तेच असलं तरी घेर वेगळा निघतो. रावपुऱ्यातला दुकानदार मला म्हणाला होता, "पछी लई जजो, गमे त्यारे मळशे." म्हणजे नंतर घेऊन जा, केव्हाही मिळेल. नाही मिळत.