गेमचं रेकॉर्डिंग: फोनमधलंच बरं, वेगळं अ‍ॅप की केबल?

रात्री साडेअकराला सांगलीहून भाच्याचा मेसेज. बीजीएमआय या गोळीबाराच्या मोबाइल गेममध्ये पठ्ठ्याने पहिल्यांदाच एकट्याने तेरा जणांना लोळवून ‘चिकन डिनर’, म्हणजे मॅचचा विजय, मिळवलं होतं. सोबत पुरावा म्हणून स्क्रीनशॉट. त्यात विजयाची पाटी होती, पण तिच्यावर आवाजाची पट्टी आलेली, आणि तेराचा आकडा नेमका त्या पट्टीखाली. “मामा, दोन्ही बटणं दाबली की मी, पण आवाजाचं आधी दाबलं गेलं.” आता तेरा म्हणतोय म्हणजे तेराच असणार, पण त्याच्या वर्गातली पोरं एवढी दयाळू नाहीत.

त्यानंतर आठवडाभर आम्ही दोघांनी फोनवर हाच खल केला: काय वापरायचं? माझ्याकडे अँड्रॉइड आणि घरात एक आयफोन, त्याच्याकडे सहा जीबी रॅमचा साधा अँड्रॉइड. खाली लिहिलंय ते त्यातून आलेलं.

स्क्रीनशॉट: बटणं की बोटं?

पॉवर आणि आवाज कमी करायचं बटण एकदम दाबणं हा अँड्रॉइडचा सगळीकडे चालणारा मार्ग. आयफोनवर बाजूचं बटण आणि आवाज वाढवायचं बटण. अडचण ‘एकदम’ या शब्दात आहे. फोन आडवा धरून खेळताना ही बटणं वर किंवा खाली जातात, आणि एक क्षणभर आधी दबलं की भाच्यासारखी पट्टी येते. शिवाय त्यासाठी अंगठा खेळातून काढावा लागतो. म्हणून बटणं संपलेल्या मॅचच्या पाटीसाठी ठीक, चालू मारामारीसाठी नाहीत.

तीन बोटं स्क्रीनवरून खाली ओढायची सोय शाओमी, रियलमी, वनप्लस, विवो अशा बऱ्याच फोनांत मिळते. ल्युडो किंगसारख्या निवांत खेळात हिच्याइतकं सोपं काही नाही. पण जो चार बोटांनी ‘क्लॉ’ धरून खेळतो त्याने ती आधी बंद करावी. ऐन गोळीबारात तीन बोटं एका दिशेला सरकली की स्क्रीनशॉट निघतो आणि नेम चुकतो. काही फोनांचा गेम मोड ही खूण आपोआप बंद ठेवतो, तेव्हा “काल चालत होतं, आज का नाही” असं वाटलं तर आधी तिथे बघा. सॅमसंगमध्ये तळहाताची कड स्क्रीनवरून सरकवायची सोय आहे. खेळताना तिचा उपयोग शून्य.

आयफोनवाल्यांना मात्र एक खरोखर छान सोय आहे: ‘बॅक टॅप’. आयओएस १४ पासून, म्हणजे २०२० पासून, आयफोन ८ आणि त्यापुढच्या फोनांत पाठीवर दोनदा किंवा तीनदा टिचकी मारली की स्क्रीनशॉट. अ‍ॅक्सेसिबिलिटीत ‘टच’च्या आत ती सापडते. दोनदाची ठेवू नका, तीनदाची ठेवा. दोनदाची ठेवली तर फोन टेबलावर ठेवतानाही फोटो निघतात. आमच्या घरातल्या आयफोनच्या गॅलरीत अशा रिकाम्या होम स्क्रीनची रांग लागली होती.

आणि चालू खेळातला तो एक क्षण पकडायचा असेल तर स्क्रीनशॉटच्या नादी लागूच नका. व्हिडिओ घ्या आणि नंतर हवी ती फ्रेम थांबवून उचला. ती थोडी मऊ, दाबलेली (कॉम्प्रेस केलेली) दिसेल, अक्षरं स्क्रीनशॉटइतकी धारदार नसतील, पण क्षण तरी सापडेल.

फोनमधला रेकॉर्डर

आयफोनवर स्क्रीन रेकॉर्डिंग २०१७ च्या आयओएस ११ पासून आहे. मूळ अँड्रॉइडमध्ये ते २०२० च्या अँड्रॉइड ११ मध्ये आलं, कंपन्यांनी आपापल्या फोनांत त्याआधीच दिलं होतं. वरून पडदा ओढायचा, बटण दाबायचं, तीन-दोन-एक होतं आणि सुरू. पाणीखूण (वॉटरमार्क) नाही, जाहिरात नाही, पैसे नाहीत.

फरक सेटिंगमध्ये. पिक्सेलसारख्या साध्या अँड्रॉइडमध्ये आवाज कुठला घ्यायचा आणि बोटांचे स्पर्श दाखवायचे का, एवढंच विचारतात. सॅमसंगमध्ये रिझोल्यूशन, म्हणजे चित्र किती बारीक, १०८०, ७२० की ४८० हे निवडता येतं. शाओमीच्या रेकॉर्डरात रिझोल्यूशन, बिटरेट (सेकंदाला किती डेटा साठवायचा) आणि फ्रेम रेट (सेकंदाला किती चित्रं) तिन्ही हातात मिळतात. आयफोनमध्ये यातलं काहीच बदलता येत नाही, पण जे निघतं ते चांगलं असतं, त्यामुळे तक्रार करायला तोंड नाही.

बिटरेटचा आकडा वाढवण्याआधी एक हिशेब करा. ८ एमबीपीएस म्हणजे सेकंदाला ८ मेगाबिट, म्हणजे १ मेगाबाइट. मिनिटाला ६० एमबी. अर्ध्या तासाची मॅच १.८ जीबी. आकडा १६ केला की तीच मॅच ३.६ जीबी. ज्याच्या फोनमध्ये ‘स्टोरेज भरत आलंय’ ही सूचना कायमची मुक्कामाला आहे त्याने आठच ठेवावा. फोनमधली जागा मध्येच संपली किंवा बॅटरी गेली तर एमपी-४ फाइल बऱ्याचदा उघडतच नाही, कारण फाइलची अनुक्रमणिका रेकॉर्डिंग थांबवताना शेवटी लिहिली जाते. अर्धी मॅचही हाती लागत नाही.

फ्रेम रेट खेळ बघून ठरवा. ल्युडो किंग, कॅरम, बुद्धिबळ यांना ३० भरपूर. बीजीएमआय, फ्री फायर मॅक्स, किंवा पुण्याच्या सुपरगेमिंगने २०२४ मध्ये आणलेला इंडस यांत बंदूक फिरवताना ३० फ्रेमचा व्हिडिओ अडखळल्यासारखा वाटतो, तिथे ६० घ्या. पण ६० घेतल्यावर फोनच तापून खेळ अडखळायला लागला तर ३० वर या आणि खेळ नीट खेळा. फोन एकाच वेळी खेळ रंगवतो आणि तोच खेळ व्हिडिओत दाबून बसवतो. दोन्हीची उष्णता त्याच चिमुकल्या डब्यात. मेमध्ये सांगलीत पंख्याखालीसुद्धा भाच्याचा फोन वीस मिनिटांत तव्यासारखा होतो. कव्हर काढून खेळा, चार्जर लावू नका. यापलीकडे उपाय नाही.

आणखी एक बारीक गोष्ट: रेकॉर्डिंग गेम उघडून स्क्रीन आडवी झाल्यावर सुरू करा. उभ्या फोनवर सुरू केलं तर बऱ्याच फोनांत उभ्या चौकटीच्या मध्यभागी खेळाची आडवी पट्टी आणि वरखाली काळं, असा व्हिडिओ मिळतो. ‘डू नॉट डिस्टर्ब’ही लावा. नाहीतर रेकॉर्डिंगमध्ये ओटीपी, बँकेचा मेसेज आणि “दूध आण” हे सगळं जगाला दिसतं. नव्या अँड्रॉइडमध्ये पूर्ण स्क्रीनऐवजी एकच अ‍ॅप रेकॉर्ड करायची निवड येते. ती दिसली तर तीच घ्या.

आवाजाचं त्रांगडं

यावर सगळ्यात जास्त डोकं फुटतं, म्हणून जरा सविस्तर सांगतो.

अँड्रॉइड १० च्या आधी, म्हणजे २०१९ पर्यंत, साध्या अ‍ॅपला फोनच्या आतला आवाज घेताच येत नव्हता. स्पीकरमधून बाहेर आलेला आवाज माइकने ऐकायचा, सोबत पंखा आणि शेजारच्यांचा कुकर. अँड्रॉइड १० ने आतला आवाज पकडायची वाट दिली, पण अटी घालून. एक, खेळ बनवणारा नकार देऊ शकतो. दोन, साध्या अ‍ॅपला फक्त मीडिया आणि गेम या जातीचा आवाज मिळतो. बोलण्याचा, म्हणजे व्हॉइस चॅटचा आवाज वेगळ्या जातीत मोडतो, तो मिळत नाही. म्हणून गोळ्यांचा आवाज स्वच्छ येतो आणि “डावीकडे बघ, डावीकडे!” हे मित्राचं ओरडणं रेकॉर्डिंगमध्ये गायब असतं. अ‍ॅप बिघडलेलं नसतं.

तुमच्या स्वतःच्या बोलण्याचंही तसंच. दोन साधी अ‍ॅप एकाच वेळी माइक वापरू शकत नाहीत. गेमचं व्हॉइस चॅट चालू असताना रेकॉर्डरला माइकवर शांतता ऐकू येते, किंवा उलट होऊन टीमला तुमचा आवाज जाईनासा होतो. इथे फोनमधला रेकॉर्डर बाहेरच्या अ‍ॅपपेक्षा वरचढ ठरू शकतो, कारण तो सिस्टिमचा भाग असल्याने त्याला जादा अधिकार देता येतात. पण ते प्रत्येक कंपनी करतेच असं नाही. मॅचआधी दोन मिनिटांची चाचणी घ्या, एवढाच खात्रीचा मार्ग. टीमशी बोलणं आणि स्वतःची कॉमेंट्री दोन्ही हवं असेल तर कॉमेंट्री नंतर व्हिडिओ बघत वेगळी बोला. मी तरी हेच करतो, आणि तेव्हा आपण किती मूर्खासारखे पळत होतो तेही निवांत दिसतं.

आयफोनवर रेकॉर्डिंगच्या बटणावर बोट दाबून धरलं की माइकची खूण येते. ती बंद असली तर फक्त खेळाचा आवाज.

वेगळं अ‍ॅप कधी?

माझं मत सरळ आहे: फोनमध्ये रेकॉर्डर असेल तर वेगळं अ‍ॅप कारणाशिवाय टाकू नका. एक्सरेकॉर्डर, एझेड स्क्रीन रेकॉर्डर यांसारख्या अ‍ॅपचा खरा फायदा दोन ठिकाणी. फोन जुना असून आत रेकॉर्डरच नसेल, किंवा कोपऱ्यात स्वतःचा चेहरा, तिथल्या तिथे कापाकापी आणि यूट्यूबवर थेट प्रक्षेपण असं सगळं एकाच ठिकाणी हवं असेल. त्याबदल्यात जाहिराती, तरंगणारं बटण (जे कधीकधी व्हिडिओतही दिसतं), आणि स्क्रीनवर येणारी प्रत्येक गोष्ट बघायची परवानगी एका परक्या अ‍ॅपच्या हाती.

भाच्याने असंच एक टाकलं होतं. पंचवीस मिनिटांची मॅच खेळला, फाइल निघाली अकरा मिनिटांची. फोनच्या बॅटरी वाचवण्याच्या व्यवस्थेने मागे चाललेलं अ‍ॅप गुपचूप बंद केलं होतं. वेगळं अ‍ॅप वापरायचंच असेल तर बॅटरीच्या सेटिंगमध्ये त्या अ‍ॅपवरचं बंधन काढा, मग खेळायला बसा.

केबल आणि कॉम्प्युटर

घरात लॅपटॉप असेल तर एससीआरसीपीवाय (scrcpy) बघाच: केबलने जोडलेल्या अँड्रॉइडची स्क्रीन लॅपटॉपवर दाखवणारा आणि रेकॉर्ड करणारा प्रोग्राम. म्हणायचं ‘स्क्रीन कॉपी’, लिहिताना मधली अक्षरं गाळलीत. फुकट, मुक्तस्रोत, फोनमध्ये काही टाकावं लागत नाही, आणि व्हिडिओ लॅपटॉपवर साठतो. म्हणजे जागेचा प्रश्न मिटला. २०२३ च्या आवृत्ती २ पासून अँड्रॉइड ११ आणि पुढच्या फोनांचा आवाजही येतो. मात्र एक गैरसमज काढून टाका: व्हिडिओ दाबायचं काम इथेही फोनच करतो, लॅपटॉप नाही. वर केबलमधून चार्जिंग चालू. फोन तापायचा तो तापतोच. शिवाय डेव्हलपर ऑप्शनमध्ये जाऊन यूएसबी डीबगिंग चालू करावं लागतं, आणि ते चालू असताना काही बँकांची अ‍ॅप उघडायला नकार देतात. काम झालं की बंद करा. आयफोन आणि मॅक दोन्ही असेल तर क्विकटाइममध्ये कॅमेऱ्याच्या जागी आयफोन निवडला की झालं.

फोनवरचा दाबायचा भार खरोखर काढतं ते फक्त कॅप्चर कार्ड, म्हणजे बाहेरून आलेलं चित्र कॉम्प्युटरला पकडून देणारं छोटं यंत्र. फोन चित्र एचडीएमआयने बाहेर टाकतो, पुढचं कॉम्प्युटर बघतो. पण फोनच्या टाइप-सीमधून चित्र बाहेर यायला हवं. सॅमसंगच्या एस मालिकेत येतं, आयफोन १५ पासून येतं, स्वस्त अँड्रॉइडमध्ये बहुधा येत नाही. दुकानदार “सगळ्यांना चालतं” म्हणाला तर आपला फोन तिथेच जोडून दाखवायला सांगा. रोज स्ट्रीम करणाऱ्यासाठीच हा खर्च. बाकीच्यांनी वाटेला जाऊ नये.

काहीच रेकॉर्ड न करता

क्लॅश ऑफ क्लॅन्स आणि क्लॅश रोयालमध्ये लढाईचा रिप्ले खेळातच राहतो. तो व्हिडिओ नसतो. कोणी कधी काय टाकलं याची नोंद असते आणि खेळ ती पुन्हा चालवून दाखवतो. त्यामुळे आधी मन लावून खेळा, फोन थंड होऊ द्या, मग रिप्ले चालवून रेकॉर्ड करा. फक्त उशीर नको, कारण खेळाचा नवा अपडेट आला की जुने रिप्ले चालेनासे होतात.

भाच्याने शेवटी फोनमधलाच रेकॉर्डर घेतला: १०८०, ३० फ्रेम, ८ एमबीपीएस. मी त्याला बजावलं होतं की व्हॉट्सअ‍ॅपवर व्हिडिओ म्हणून पाठवलास तर तो दाबून चिखल करतो, डॉक्युमेंट म्हणून पाठव. तिथे मर्यादा २ जीबीची, आणि अर्ध्या तासाची मॅच बरोबर बसते. परवा रात्री १.८ जीबीची फाइल आली. शेजारच्या वायफायवर पाऊण तास उतरली. उघडली, तर पहिली चार मिनिटं साहेब लॉबीत उभे राहून कुठला शर्ट घालायचा ते ठरवत होते.