डोनाल्ड डक, टीना की किड्सवीक? नेदरलँड्समध्ये मुलांसाठी वर्गणी भरण्याआधी

ॲमस्टलव्हेन किंवा आइंडहोव्हनला नव्याने आलेल्या मराठी घरांत मूल आठ-दहा वर्षांचं असलं की हा प्रश्न निघतोच: डच सुधारायला कुठलं साप्ताहिक लावायचं?

डच अजून कच्चं असेल तर डोळे झाकून ‘डोनाल्ड डक’ लावा. 1952 पासून निघणारं हे चित्रकथांचं साप्ताहिक इथल्या आजी-आजोबांनीही लहानपणी वाचलंय. दूरदर्शनवर ‘डकटेल्स’ बघत वाढलेल्या आईबाबांनाही पात्रं ओळखीची, नावं तेवढी वेगळी: अंकल स्क्रूज इथे दागोबेर्त, तिघे भाचे क्विक, क्वेक आणि क्वाक. चित्रांवरून अर्थ लागतो, पण भाषा बाळबोध नाही. म्हणी आणि शब्दांच्या कोट्या भरपूर. सतत खटपट करून काहीतरी नवं बनवणाऱ्या माणसाला डच लोक ‘विली वॉर्टेल’ म्हणतात, ते यातल्याच संशोधकावरून. असे शब्द पाठ्यपुस्तकात सापडत नाहीत.

‘टीना’ची गोष्ट वेगळी. 1967 साली मुलींसाठी सुरू झालेलं हे साप्ताहिक. त्यातल्या चित्रकथेची 1975 पासूनची धांदरट नायिका नोर्त्ये कित्येक वर्षं मुलींची लाडकी होती. मैत्रिणींचे रुसवे, शाळा, कुणीतरी आवडायला लागणं असा सगळा मामला. वर्गात कुणाची कुणाशी ‘फेर्केरिंग’ आहे, म्हणजे जोडी जमली आहे, हे दहा-अकरा वर्षांची मुलं इथे मोकळेपणाने बोलतात. आपल्याला दचकायला होतं, पण बाराव्या वर्षी हीच मुलगी सायकलवरून एकटी माध्यमिक शाळेत जाणार असते. त्याआधी वर्गातल्या गप्पा तिला परक्या वाटू नयेत, हे मला व्याकरणाइतकंच महत्त्वाचं वाटतं. डच बरं येत असेल आणि मैत्रिणी जमत नसतील, तर मी ‘टीना’च घेईन.

‘किड्सवीक’ हे मुलांचं वर्तमानपत्र. बातम्यांची आवड असलेल्या मुलाला उत्तम, पण मजकूर जास्त, त्यामुळे भाषा नवी असताना मूल कंटाळतं.

वर्गणी भरायची घाई मात्र नको. अठरा वर्षांखालच्या मुलांना बहुतेक ठिकाणी ग्रंथालयाचं सभासदत्व फुकट असतं. तिथे दोन-तीन शनिवार नेऊन मूल आपणहून कशाला हात लावतं ते बघा. आणि 27 एप्रिलला, राजाच्या वाढदिवशी, मुलं फुटपाथवर जुनी खेळणी आणि पुस्तकं विकायला बसतात. तिथे ‘डोनाल्ड डक’चे जुने अंक अगदी स्वस्तात मिळतात. भाव मुलालाच विचारू द्या, डचमध्ये.