‘सायकल टू वर्क’ची सायकल: उन्हाळा गेला, हिवाळाही गेला

ब्रिटनमध्ये नोकरीला आलेले मराठी लोक हमखास विचारतात, ऑफिसच्या ‘सायकल टू वर्क’ योजनेतून सायकल घ्यावी का? घ्या. फक्त ‘४२ टक्के बचत’ वाचून हुरळू नका.

योजना सरकारी, १९९९ पासूनची. सायकल कंपनी घेते आणि तुम्हाला बहुधा वर्षभर भाड्याने देते. भाडं कर लागण्याआधीच पगारातून वळतं होतं. माझी सायकल, हेल्मेट, दिवे, कुलूप मिळून ९०० पौंड, म्हणजे महिना ७५. त्यावरचा २० टक्के प्राप्तिकर आणि ८ टक्के नॅशनल इन्शुरन्स (पगारातून कापला जाणारा सामाजिक सुरक्षेचा हप्ता) वाचतो, म्हणून हातातला पगार ५४ पौंडांनीच घटतो. ४२ टक्के वाचतात ते ४० टक्के कर आणि २ टक्के नॅशनल इन्शुरन्स भरणाऱ्यांचे.

खरी मेख पुढे आहे. वर्ष संपलं तरी सायकल आपली होत नाही. तेव्हाच हवी असेल तर करखात्याच्या तक्त्यात ५०० पौंडांवरच्या सायकलीला मूळ किमतीच्या २५ टक्के मोल धरलंय. त्यापेक्षा ७ टक्के अनामत भरून करार आणखी तीन वर्षं वाढवलेला आणि शेवटी अनामत सोडून सायकल ठेवलेली बरी. माझे ते ६३ पौंड धरले की बचत उरते २१ टक्के. एवढी सूट सेलमध्येही मिळते कधीकधी.

कपातीनंतर पगार किमान वेतनाखाली जाऊन चालत नाही. म्हणजे कमी पगारवाले बाद, आणि स्वतःचा धंदा करणारेही बाद. घरोघरी जेवण पोचवणाऱ्या पोरांचं पोट सायकलवर, पण बहुतेकांना ही योजना लागूच नाही!

मी सायकल टिकवली ती मात्र मी राहतो त्या इंग्लंडमधल्या मिल्टन कीन्स शहराच्या रस्त्यांमुळे. शहर वसवतानाच, सत्तरच्या दशकापासून, इथे पायी आणि सायकलने जाणाऱ्यांसाठी लाल डांबराचे ‘रेडवे’ आखले. आज ते सुमारे ३०० किलोमीटर आहेत. मोठे रस्ते बोगद्यातून ओलांडायचे, गाड्यांशी गाठ कमीच. पुण्यात सायकल ट्रॅकवर लावलेल्या स्कूटरींना वळसे घातलेल्या माणसाला हे चैनीचं वाटतं. पण रेडवे वळणावळणाचे, पाट्या तुटपुंज्या, आणि शरद ऋतूत ओल्या पानांवर चाक सटकतं. डिसेंबरात चारलाच अंधार. म्हणून दिवे दणकट घ्या. दुकानात सायकल घेण्यासाठी कंपनीकडून मिळणारं व्हाउचर एकदा निघालं की नंतर त्यात भर घालणं अवघड. मडगार्ड आणि कॅरियरही तेव्हाच बसवून घ्या, कॅरियरवर कणकेची दहा किलोची पिशवी छान बसते.

नोकरी बदलायच्या बेतात असाल तर थांबा. उरलेले हप्ते शेवटच्या पगारातून एकदम कापतात, आणि तेही कर भरून झाल्यावरच्या पैशातून.