‘मॅड मॅक्स’चा फोर-के संच : खलनायकांसाठी संग्रही ठेवावा असा

प्रलयानंतरच्या उद्ध्वस्त जगात घडणाऱ्या मारधाडपटांची आवड असलेल्या प्रत्येकाला ‘मॅड मॅक्स’ हे नाव ठाऊक असते; परंतु १९७९ ते २०२४ या पंचेचाळीस वर्षांत आलेले या मालिकेतील पाचही चित्रपट ओळीने पाहिलेले प्रेक्षक फारसे भेटत नाहीत. ऑनलाइन मंचांवर यातला एखादा चित्रपट असतो, दुसरा नसतो, आणि जो असतो तोही काही महिन्यांनी निघून जातो. पुण्यातल्या पेठांमधून आणि कोथरूडमधून एकेकाळी चालणाऱ्या सीडी-डीव्हीडी लायब्रऱ्या आता जवळजवळ संपल्या आहेत. त्यामुळे या पाच चित्रपटांचा एकत्रित फोर-के डिस्क संच मी बाहेरून मागवला आणि घरच्या दिवाणखान्यात, मोठ्या टीव्हीवर, क्रमाने पाहिला. संच महाग आहे. आयातीचा खर्च धरता तो सहज घ्यावा असा नाही, तरीही मला तो सर्वार्थाने पैसे वसूल करणारा वाटला. त्याचे मुख्य कारण चित्राचा दर्जा हे नसून, पाच चित्रपट शेजारी शेजारी ठेवल्यावर त्यांतले खलनायक कसे वाढत जातात आणि नायक कसा लहान होत जातो, हे प्रथमच स्पष्ट दिसते, हे आहे.

तांत्रिक बाजू आधी सांगतो. फोर-के डिस्कना प्रदेशाचे बंधन नसते, त्यामुळे कोणत्याही देशातून मागवलेली डिस्क आपल्याकडील फोर-के प्लेअरवर चालते. साध्या ब्लू-रेचे मात्र तसे नाही, तेथे भारतासाठीचा प्रदेश ‘सी’ आहे का ते तपासून घ्यावे. २०१५ च्या ‘फ्युरी रोड’चे चित्र थक्क करणारे आहे. नामिबियाच्या वाळवंटातील केशरी वाळू आणि वरचे गडद निळे आकाश यांतला फरक मोबाइलवर पाहताना निम्माही कळत नाही. पहिला चित्रपट मुळात मोनो ध्वनीचा आणि अगदी तुटपुंज्या पैशांत केलेला असल्यामुळे त्याच्याकडून तशी अपेक्षा ठेवू नये. शेवटच्या दोन चित्रपटांतील इंजिनांचा घुमणारा आवाज आमच्या जुन्या इमारतीच्या भिंतींना सोसणारा नव्हता, म्हणून रात्री नऊनंतर तो बराच खाली आणावा लागला. मराठी उपशीर्षके नाहीत. इंग्रजी आहेत, आणि ऑस्ट्रेलियन उच्चार कानाला नवे असल्यामुळे ती चालू ठेवणेच बरे. माझ्या वडिलांनी त्यांच्याच आधारावर पाचही चित्रपट पाहिले.

आता मूळ मुद्द्याकडे येतो. पहिल्या चित्रपटात जग अजून पुरते बुडालेले नाही. रुग्णालये आहेत, रस्ते आहेत, पोलीस आहेत, फक्त सगळ्याचीच घडी विस्कटत चालली आहे. टोकटर नावाचा टोळीप्रमुख मोटारसायकली घेऊन फिरतो, लुटतो, माणसे मारतो. त्याला काहीही उभारायचे नाही, कशावरही राज्य करायचे नाही. मॅक्स हा पोलीस. त्याची बायको आणि तान्हे मूल या टोळीच्या हातून रस्त्यावर चिरडले जातात, आणि त्यानंतर तो एकेकाला शोधून मारतो. शेवटच्या बळीला तो ज्या थंडपणे पेट्रोल गळणाऱ्या, स्फोट होऊ घातलेल्या गाडीला बेड्यांनी जखडून सोडून जातो, ते पाहताना नायक आणि खलनायक यांच्यातली रेघ पुसली गेल्याचे प्रेक्षकाला जाणवते. मालिकेचे दिग्दर्शक जॉर्ज मिलर हे स्वतः डॉक्टर होते आणि सिडनीतील रुग्णालयात त्यांनी अपघातग्रस्तांवर उपचार केले होते. या चित्रपटातील अपघातांना जी शारीर वेदना आहे, तिचे मूळ तिथे असावे असे मला वाटते.

१९८१ च्या दुसऱ्या चित्रपटात जग पार कोसळलेले आहे आणि पेट्रोल हीच संपत्ती उरली आहे. इथला खलनायक लॉर्ड ह्यूमंगस चेहऱ्यावर हॉकीचा मुखवटा घालतो, अंगाने पहिलवान आहे, आणि तरीही त्याचे खरे शस्त्र त्याच्या हातातला मायक्रोफोन आहे. तेलाच्या विहिरीभोवती तटबंदी करून राहणाऱ्या लोकांना तो जवळजवळ समजुतीच्या स्वरात सांगतो की सगळे सोडून निघून जा, तुमचे प्राण वाचतील. एका क्षणी तो पिस्तुलाची पेटी उघडतो, तेव्हा तिच्या झाकणात एक जुने छायाचित्र दिसते. दिग्दर्शक त्यावर एक शब्दही खर्च करत नाही. परंतु मॅक्सचेही घर गेले आहे हे आपल्याला ठाऊक असते, आणि मुखवट्यामागच्या माणसाचेही कधीतरी घर असणार हे त्या दृश्यात पोहोचते. फोर-के प्रतीत ते छायाचित्र प्रथमच मला नीट दिसले. याच चित्रपटात मॅक्स जिवाच्या आकांताने जो टँकर चालवतो, तो शेवटी वाळूने भरलेला निघतो. त्याला न सांगताच आमिष म्हणून वापरलेले असते. नायकाला इतक्या साधेपणाने त्याच्या जागेवर आणणारा दुसरा मारधाडपट मला आठवत नाही.

तिसरा चित्रपट, १९८५ चा, पाचांत सर्वांत सैल आहे, आणि मुलांच्या टोळीचा त्यातला भाग मला लांबलेला वाटतो. टीना टर्नर यांनी साकारलेली आंटी एंटिटी मात्र या मालिकेत उगाच दुर्लक्षित राहिली आहे. तिने वाळवंटात बाजारपेठ वसवली आहे, डुकरांच्या विष्ठेपासून होणाऱ्या मिथेनवर तिथे दिवे लागतात, तंट्यांसाठी कठोर का होईना पण नियम आहेत. तिला खलनायिका म्हणणे अवघड आहे. रिंगणातल्या द्वंद्वात मॅक्स आपल्या प्रतिस्पर्ध्याचा मुखवटा निघताच त्याचा निरागस चेहरा पाहतो आणि त्याला मारायला नकार देतो; पहिल्या चित्रपटातल्या मॅक्सने हे केले नसते.

या मालिकेचे शिखर म्हणजे ‘फ्युरी रोड’मधला इमॉर्टन जो. ही भूमिका करणारे ह्यू कीझ-बर्न यांनीच छत्तीस वर्षांपूर्वी टोकटर साकारला होता, आणि त्यांचा जन्म १९४७ साली श्रीनगरचा, हे आपल्याकडे फार थोड्यांना माहीत आहे. एकाच नटाने केलेले हे दोन खलनायक पाठोपाठ पाहिले की फरक लख्ख कळतो : टोकटर लुटतो, इमॉर्टन जो राज्य चालवतो. सुरुवातीच्या प्रसंगात त्याच्या फोड आलेल्या पाठीवर पावडर मारली जाते, वर पारदर्शक चिलखत चढवले जाते, तोंडावर दात कोरलेला श्वासमुखवटा बसवला जातो, आणि मग हा आजारी म्हातारा कड्यावर उभा राहून देव होतो. तो एक दांडा ओढतो, खडकातून पाण्याचे लोट कोसळतात, खाली भांडी घेऊन उभी असलेली माणसे एकमेकांवर तुटून पडतात, आणि काही क्षणांत तो पाणी बंद करून त्यांना सांगतो की पाण्याची चटक लावून घेऊ नका. मे महिन्यात वाघोलीत किंवा बाणेरच्या पुढे टँकरची वाट पाहिलेल्या पुणेकराला हा प्रसंग समजावून सांगावा लागत नाही. पाणी कोणाच्या हातात आहे यावर कोणापुढे हात जोडायचे हे ठरते, आणि इमॉर्टन जो हे जाणतो म्हणूनच तो बंदुकीपेक्षा त्या दांड्याच्या जोरावर टिकून आहे.

त्याच्यासमोरचा नायक कोण, हा प्रश्न या चित्रपटावर नेहमी विचारला जातो. माझे उत्तर फ्युरिओसा, म्हणजे जोच्या बायकांना त्याच्या कैदेतून पळवून नेणारी त्याचीच सरदार, असे आहे. रात्रीच्या दलदलीत मॅक्सकडे मोजक्या गोळ्या असतात. तो नेम चुकवतो, मग काही न बोलता बंदूक तिच्याकडे देतो, आणि ती त्याच्या खांद्याचा टेकू घेऊन अचूक गोळी झाडते. त्याच्या चेहऱ्यावर अपमान नाही, फक्त कानात घुमणारा आवाज आहे. सुरुवातीला ज्याचे रक्त जबरदस्तीने काढून घेतले गेले, तो शेवटी स्वतःच्या हाताने नळी जोडून तिला आपले रक्त देतो आणि तेव्हाच आपले नाव सांगतो. सहा ऑस्कर मिळालेल्या या चित्रपटाच्या वेगाची स्तुती खूप झाली, ती रास्तच आहे, मार्गारेट सिक्सेल यांचे संकलन अभ्यासण्याजोगे आहे. पण हे दोन शांत प्रसंग मला त्याहून मोलाचे वाटतात.

२०२४ च्या ‘फ्युरिओसा’तला डिमेंटस हा क्रिस हेम्सवर्थ यांनी रंगवलेला बोलका, लहरी सरदार आहे. तो पेट्रोलचे शहर जिंकतो आणि ते चालवता न आल्यामुळे बघता बघता त्याचा उकिरडा करतो. इमॉर्टन जो आणि डिमेंटस वाटाघाटीला समोरासमोर येतात, तेव्हा कोण अधिक भयंकर हे सहज ठरवता येत नाही : नासाडी करणारा की नीट हिशेब ठेवून छळणारा. चित्रपट लांब आहे, त्याची प्रकरणे काही ठिकाणी तुटक वाटतात; या वाटाघाटींसाठी मी तो पुन्हा लावला.

लहान मुलांसोबत हा संच पाहू नये. पहिल्या चित्रपटातील स्त्रियांवरील हिंसा मोठ्यांनाही अस्वस्थ करते. ज्यांच्याकडे फोर-के प्लेअर नाही त्यांनी केवळ यासाठी तो घेऊ नये, साध्या ब्लू-रेवर शेवटचे दोन चित्रपट घेतले तरी पुरेसे आहे. पुण्यातल्या अलका किंवा राहुल चित्रपटगृहाच्या मोठ्या पडद्यावर इंग्रजी मारधाडपट पाहत वाढलेल्यांनी मात्र पूर्ण संचच घ्यावा. कथेच्या काळानुसार ‘फ्युरिओसा’ आधी येतो, कारण तो जिथे संपतो तिथूनच ‘फ्युरी रोड’ सुरू होतो; तरीही पहिल्यांदा पाहणाऱ्याने प्रदर्शनाचाच क्रम ठेवावा. डिमेंटसशी सौदा करणारा इमॉर्टन जो आधी पाहिला, तर कड्यावर उभ्या राहिलेल्या जोची दहशत निम्म्यावर येते.