एकट्याने फिल्म करणाऱ्यासाठी ब्लॅकमॅजिक पॉकेट ४के : सोलापूरच्या उन्हात आणि यंत्रमागांच्या खडखडाटात

दिग्दर्शन, कॅमेरा, साउंड, एडिटिंग असं सगळं एकट्याने ओढणाऱ्यासाठी २०१८चा हा कॅमेरा सेकंडहँड मिळाला तर आजही घ्यावा. दा विंची रिझॉल्व्ह स्टुडिओ या एडिटिंग सॉफ्टवेअरचं लायसन्स नव्या कॅमेऱ्याबरोबर यायचं; जुना घेताना ते आधीच वापरलंय का, हे विचाराच.

यंत्रमाग कारखान्यात ट्यूबलाइटची पट्टी हलताना दिसते, कारण आपली वीज ५० हर्ट्झची. सेकंदाला २५ फ्रेम घेताना शटर १८० अंश ठेवा, २४ला १७२.८; दोन्हीत प्रत्येक फ्रेमला १/५० सेकंद उजेड मिळतो नि पट्टी जाते. आवाजाचं मात्र तिथे काही खरं नाही. मागाचा खडखडाट वेगळा घ्या, मुलाखत बाहेर येऊन.

खरी परीक्षा उन्हाची. कॅमेऱ्याच्या आत एनडी, म्हणजे उजेड कमी करणारी काळसर काच, नाही. भर दुपारी आयएसओ ४००, एफ/४ म्हणजे ७ स्टॉपचा (दर स्टॉपला उजेड निम्मा) एनडी लेन्सवर लागतो, तोही आयआर म्हणजे अवरक्त किरण रोखणारा. साध्याने काळे कपडे तपकिरी पडतात. सोलापूरच्या गड्ड्याच्या यात्रेत नंदीध्वजांसोबतच्या (मिरवणुकीतल्या उंच काठ्या) पांढऱ्या बाराबंद्या (पारंपरिक अंगरखे) चित्रात पटकन जळतात, म्हणजे नुसत्या पांढऱ्याफटक होतात; झेब्रा (जास्त उजेडाच्या जागी स्क्रीनवर दिसणारे पट्टे) १००वर लावून एक्सपोजर खाली घ्या.

८:१ रॉमध्ये (एडिटिंगला जास्त वाव देणारी, आठपट दाबलेली फाइल) ३० फ्रेमला तासाला साधारण १७५ जीबी जातात. रेकॉर्डिंगसाठी बाहेरून जोडलेल्या एसएसडीची यूएसबी-सी केबल गर्दीत धक्क्याने सुटते नि रेकॉर्डिंग थांबतं, म्हणून केज (कॅमेऱ्याभोवतीची धातूची चौकट) आणि केबल घट्ट धरणारा क्लॅम्प हवाच. बॅटरी जेमतेम तासभर, चार तरी ठेवा. फोकस हाताने, कॅमेऱ्यात स्टॅबिलायझेशन (थरथर रोखण्याची सोय) नाही. पळापळीच्या लग्नाच्या ऑर्डरींसाठी हा घेऊ नका.