बंद वाड्याचा टॅक्स अर्धा करून देतो म्हणणाऱ्यापासून सांभाळा (ग्वाल्हेर)

ग्वाल्हेरच्या लष्कर भागात दौलतगंजला आमचा आजोबांच्या वेळचा वाडा आहे, आजी गेल्यापासून कुलूपच. आम्ही थाटीपूरला राहतो, काकू पुण्याला, नगर निगमच्या (महापालिकेच्या) टॅक्स खात्यावर नाव अजून आजीचंच. टॅक्स थकत थकत ३८,४०० झाला होता, त्यात ११ हजारांच्या वर नुसता अधिभार, म्हणजे उशिराचा दंड.

जानेवारी २०२४ मध्ये गणपती मंडळातल्या ओळखीतून एक जण घरी आला. मराठी बोलणारा, आईच्या पाया पडला, आजीलाही ओळखत होतो म्हणाला. मग म्हणे दादा, रिकाम्या घराला निगम अर्धा टॅक्स माफ करते, लोकांना माहितीच नाही, माझी निगमच्या झोन ऑफिसमध्ये सेटिंग आहे, १९ हजारांत सगळं मिटवतो आणि वर ४ हजार खर्चाचे. मी ऑनलाइन भरतो म्हटलं तर म्हणाला साइट हॅक झालीय, सध्या हाताचीच पावती मिळते. आता ते खोटं पण नव्हतं ना, डिसेंबर २०२३ मध्ये ई-नगरपालिका पोर्टलवर, म्हणजे टॅक्स भरायच्या साइटवर, खरंच सायबर हल्ला झाला होता, पेपरात आलं होतं, म्हणून माझा विश्वास बसला. काकूने अर्धे पैसे पाठवले, मी २३ हजार रोख दिले, रजिस्ट्रीची झेरॉक्स दिली, आईचं आधार दिलं, आणि इन्स्पेक्शन होणार म्हणाला म्हणून वाड्याची एक किल्लीसुद्धा दिली.

चार दिवसांनी गुलाबी पावती आणून दिली, शिक्का वगैरे मारलेला. आईने ती देवघरातल्या डब्यात ठेवली.

ऑगस्टमध्ये नामांतरणासाठी, म्हणजे खात्यावरचं आजीचं नाव बदलायला, झोन ऑफिसला गेलो तेव्हा कळलं. तिथल्या बाबूंनी पावती उलटून पालटून पाहिली, प्रॉपर्टी आयडी टाकला आणि स्क्रीन माझ्याकडे वळवली. एक रुपया जमा नाही, उलट अधिभार वाढलेला. मग त्यांनी खरी पावती शेजारी ठेवून दाखवली. खऱ्या पावतीत संपत्तीकर, समेकित कर, शिक्षा उपकर, नगरीय विकास उपकर असे वेगवेगळे रकाने असतात, माझ्या पावतीत नुसतं "टॅक्स जमा" आणि खाली आकडा. आयडीसुद्धा लिहिलेला नव्हता. सात महिने घरात होती ती पावती आणि मी एकदाही नीट वाचली नाही, याचं फार वाईट वाटतं.

अर्ध्या माफीचं विचारलं तर म्हणाले, "भाईसाहब, पचास परसेंट की छूट उस मकान पर है जिसमें मालिक खुद रहता हो." घर रिकामं आहे म्हणून काही मागायचं असेल तर मालकाचा लेखी अर्ज लागतो, आमच्या फाइलमध्ये असा एक कागद नव्हता. बंद घराला स्वतः राहतो असं दाखवून सेल्फ असेसमेंटचा फॉर्म (घराची माहिती आपणच लिहून द्यायचा) भरला असता तर खोटी माहिती दिली म्हणून आम्हीच अडकलो असतो, तो सुटला असता.

आणि खरी सूट तर समोरच होती. सप्टेंबरच्या नॅशनल लोक अदालतीत ५० हजारांपर्यंतच्या थकबाकीवर अधिभार पूर्ण माफ होता, ५० हजार ते १ लाख असेल तर अर्धा, त्याच्यावर असेल तर २५ टक्के. मी स्वतः खिडकीवर रांगेत उभा राहिलो, अधिभार गेला, मूळ टॅक्स भरला, कॉम्प्युटरची पावती हातात आली. कोणाची सेटिंग लागली नाही, तासाभरात घरी. लष्कर भागात आपल्या मराठी लोकांचे असे किती वाडे बंद पडलेत, मुलं पुण्याला नाहीतर बंगलोरला, घरी एकटी म्हातारी माणसं, त्यांच्याकडे हा माणूस जात असणार म्हणून एवढं लिहितोय. रोख देऊ नका, आणि पावती हातात आली की त्याच दिवशी आयडी टाकून खातं बघा, स्वतःला जमत नसेल तर शेजारच्या मुलाकडून बघून घ्या.

फोन आता बंद येतो त्याचा. ठाण्यात अर्ज दिलाय. पैशांपेक्षा मला त्या झेरॉक्स आणि किल्लीची धास्ती वाटते, कारण रिकाम्या घराची रजिस्ट्री आणि आधार एकाच माणसाकडे गेलंय. फसवणूक कळली त्याच संध्याकाळी वाड्याची दोन्ही कुलपं बदलली, आणि दुसऱ्या दिवशी झोनला लेखी दिलं की आईची आणि काकूची सही असल्याशिवाय या आयडीवर नामांतरण करू नये. त्या अर्जाची पोच आता डब्यात आहे.